लीळासंग्राहक म्हाइंभट आणि इतिहासलेखनाचे प्रयोजन

इतिहास कशासाठी लिहावयाचा आणि तो कोणत्या रीतीने लिहावयाचा, या दोन प्रश्नांवर इतिहासकारांचे आजवर एकमत झालेले नाही. एकोणिसाव्या शतकातील जर्मन इतिहासकार रांके याने १८२४ साली असे मत मांडले की, भूतकाळाचा न्यायनिवाडा करणे किंवा पुढच्यांना उपदेश करणे हे इतिहासकाराचे काम नव्हे. जे जसे घडले तसे दाखविणे एवढेच त्याचे काम. १९६१ साली इंग्लंडमध्ये ई. एच. कार यांनी त्याला उत्तर दिले की, घटना आपल्या तोंडाने बोलत नाहीत. कोणती घटना निवडावी, कोणती सोडावी, हे इतिहासकारच ठरवितो आणि तो आपल्या काळाच्या बाहेर उभा नसतो. आपल्या देशात काश्मीरच्या कल्हणाने या दोघांच्याही कितीतरी शतके आधी, इ. स. ११४८ ते ११५० या काळात राजतरंगिणी रचताना हाच प्रश्न हाताळला. इतिहास लिहिणाऱ्याने न्यायाधीशाप्रमाणे राग व द्वेष बाजूला ठेवावेत, असे त्याचे म्हणणे होते. आणि त्याने जुने अकरा ग्रंथ, देवालयांचे प्रतिष्ठालेख व दानपत्रे तपासून आपला ग्रंथ सिद्ध केला.

या वादाला आपल्या परमार्गातही एक उत्तर आहे. मात्र ते एखाद्या सिद्धांताच्या रूपाने सापडत नाही, तर एका पुरुषाच्या आयुष्यात व कार्यात सापडते. त्या पुरुषाने स्वतःला कधी इतिहासकार म्हणवून घेतले नाही. तरीही मराठी गद्यचरित्राचा आरंभ त्याच्यापासून मोजला जातो, आणि साक्षी गोळा करणे, त्या पारखणे व मग लिहिणे ही शिस्त मराठीत प्रथम त्याच्याच हातून दिसते. तो पुरुष म्हणजे लीळाचरित्राचे संग्राहक म्हाइंभट. त्यांचे चरित्र वाचकांच्या परिचयाचे आहे. पण इतिहासलेखनाच्या अंगाने ते पुन्हा एकदा पाहण्यासारखे आहे. कारण लीळांच्या पाठांविषयी जे मतभेद अलीकडच्या काळात उत्पन्न झाले, त्यांचा विचार करताना आपण म्हाइंभटांच्या मार्गाने जातो की त्याविरुद्ध जातो, हे तपासणे आपणा सर्वांचे कर्तव्य आहे.

पूर्वाश्रम

म्हाइंभट हे सराळे गावचे. म्हणूनच परंपरेत त्यांचा उल्लेख सराळेकर असा होतो. कुळाने ब्राह्मण, घरी सुबत्ता आणि विद्येची मोठी ख्याती. शास्त्रांत, विशेषतः मीमांसेत, ते निष्णात होते. गणपती आपयो या विद्वान पुरुषाशी त्यांचा निकट संबंध होता. विद्येबरोबर विद्येचा अभिमानही आला. पंथपरंपरा सांगते की, आपल्यासमोर सारे विद्वान तृणवत् आहेत हे दाखविण्यासाठी म्हाइंभट पायांत गवताचे तोडर बांधीत, आणि आपल्यावाचून जगात अंधार आहे हे दर्शविण्यासाठी दिवसाढवळ्या दिवटी पेटवून चालत. ही आख्यायिका ज्या लीळासाहित्यातून आपल्याला कळते, ते साहित्य मुळात म्हाइंभटांनीच गोळा केले आहे, ही गोष्ट सुज्ञ वाचकांनी ध्यानात ठेवावी. तिच्याकडे आपण पुन्हा वळणार आहोत.

सर्वज्ञ श्रीचक्रधरस्वामींची कीर्ती त्यांच्या कानी आली तेव्हा स्वामींचा निवास गोदातीरी डोमेग्राम येथे होता. म्हाइंभट वादात जिंकण्याच्या हेतूने तेथे गेले. स्वामींनी ग्रंथाला ग्रंथ आणि वचनाला वचन लावून वाद केला नाही. शास्त्रात जे सांगितले आहे ते तुमच्या ठायी कितपत आहे, याकडे त्यांनी बोलणे वळविले. शास्त्रे मुखोद्गत असलेल्या त्या पंडिताला त्या क्षणी आपल्या ज्ञानाची व आपल्या जीवनाची फारकत उघडी पडलेली दिसली. पुढे त्यांचे स्वामींकडे येणे-जाणे सुरू राहिले. परंतु घर, संपत्ती व मान यांचे पाश एका दिवसात तुटत नाहीत. त्यांचा संपूर्ण त्याग व परमार्गातील स्थिर जीवन हे नंतरच्या काळात, ऋद्धिपुरी घडून आले.

असन्निधानाचा काळ

पंथात रूढ असलेल्या कालगणनेनुसार शके ११९६, म्हणजे इ. स. १२७४ साली सर्वज्ञांनी उत्तरापंथे गमन केले. शिष्यसमुदायावर विरहाचे आकाश कोसळले. श्रीनागदेवाचार्य, ज्यांना आपण आदराने भटोबास म्हणतो, ते इतर अनुयायांसह ऋद्धिपुरी श्रीगोविंदप्रभूंच्या सन्निधानी आले. म्हाइंभटही तेथे आले आणि श्रीप्रभूंच्या सेवेत राहिले.

असन्निधानात साधकाला आधार कशाचा? नाम, मूर्ती, लीळा व चेष्टा यांच्या स्मरणाचा. स्वामींनी लावून दिलेला हा विधी भटोबास अखंड पाळीत. ते एकांतात बसून सर्वज्ञांच्या एकेका लीळेचे मनात आवर्तन करीत. त्यांचे हे स्मरण पाहून म्हाइंभटांच्या मनात जिज्ञासा उत्पन्न झाली. आपण काय आठवता, असे त्यांनी भटोबासांना विचारले. उत्तर ऐकल्यावर पुढचा विचार त्यांच्या पंडितबुद्धीला सहजच सुचला: आज जे प्रत्यक्ष पाहणाऱ्यांच्या आठवणीत आहे ते उद्या कोठे असेल? पाहणारे एकेक करून देह ठेवतील, आणि पुढे येणाऱ्या साधकाने स्मरण करावयाचे ते कशाचे? त्यांनी भटोबासांपाशी लीळा लिहून ठेवण्याची अनुज्ञा मागितली आणि ती मिळाली. ऋद्धिपुरीच्या वाजेश्वरी येथे भटोबास लीळा सांगत आणि म्हाइंभट त्या लिहून घेत. इ. स. १२७८ च्या सुमारास हे कार्य सुरू झाले असे अभ्यासक मानतात.

लीळाचरित्राच्या प्रयोजनाचा निर्णय याच ठिकाणी होतो. ते प्रयोजन राजाची स्तुती नव्हते, पंडितांत मान मिळविणे नव्हते, किंवा प्रतिपक्षाचे खंडन करणेही नव्हते. स्मरणासाठी लिहिणे हे त्याचे प्रयोजन होते. वरवर पाहणाऱ्याला वाटेल की, भक्तीसाठी लिहिलेले लेखन म्हटल्यावर त्यात सत्यासत्याचा विचार सैल असणार. प्रत्यक्षात तो अधिक काटेकोर झाला, आणि त्याचे कारण शास्त्रात आहे. परमेश्वराने जे केले त्याच्या स्मरणाने जीवाचे हित होते. जे त्याने केलेच नाही, ते कितीही गोड असले तरी त्याचे स्मरण ही कल्पना ठरेल, स्मरण ठरणार नाही. लेखकाने पदरचा एक शब्द घातला, तर त्या शब्दावर चित्त ठेवणाऱ्या साधकाचे श्रम वाया जातील. म्हणून येथे श्रद्धा व सत्यशोधन यांचा विरोध उत्पन्न होत नाही. श्रद्धाच सत्यशोधनाची मागणी करते.

संग्रहाची रीत

भटोबासांनी जे स्वतः पाहिले ते त्यांनी सांगितले. पण सर्वज्ञांच्या चरित्राचा मोठा भाग त्यांच्या अनुसरणाच्या पूर्वीचा होता. त्यासाठी म्हाइंभटांनी दुसरे साक्षी शोधले. ज्यांच्या संदर्भात लीळा घडली, ज्यांनी ती पाहिली किंवा स्वामींच्या मुखातून ऐकली, त्यांच्याकडे ते स्वतः जात. गावोगाव फिरून, ज्याच्या दारी जावे लागेल त्याच्या दारी जाऊन, सांगणाऱ्याच्या सवडीने त्यांनी लीळा मिळविल्या. शेतात काम करणाऱ्याच्या मागे चालत चालत त्यांनी लीळा पुसल्याचे परंपरेत सांगितले जाते. एके काळी दिवसा दिवटी लावून मिरवणारा पंडित आता शेतकऱ्याच्या मागे ढेकळांतून चालतो आहे. त्या दोन चित्रांमधील अंतर हेच म्हाइंभटांच्या अनुसरणाचे माप होय.

मिळालेली लीळा ते तशीच ग्रंथात घालीत नसत. ती भटोबासांपुढे ठेवून तिची शहानिशा होई. सांगणारा कोण, त्याने प्रत्यक्ष पाहिले की ऐकले, प्रसंग कोणत्या स्थानी घडला, त्या वेळी तेथे आणखी कोण होते, या गोष्टी पाहिल्या जात. या शिस्तीची खूण ग्रंथाच्या रचनेतच उमटलेली आहे. एकांक, पूर्वार्ध व उत्तरार्ध असे त्याचे तीन भाग. स्वामी एकाकी संचार करीत होते त्या काळाचा एकांक हा आकाराने लहान आहे, कारण त्या काळाला सोबती नव्हते. स्वामींनी पुढे प्रसंगोपात्त जे सांगितले तेवढ्यावरच तो उभा आहे. शिष्यपरिवार वाढत गेला तसतशा लीळा दाट होत गेल्या, आणि भटोबासांच्या सहवासाच्या काळात त्या सर्वाधिक तपशिलाने येतात. एखाद्या कल्पक चरित्रकाराने एकांकातील रिकाम्या जागा आपल्या प्रतिभेने भरून काढल्या असत्या. म्हाइंभटांनी त्या रिकाम्या ठेवल्या. जेथे साक्षी नाही तेथे मौन, हा नियम त्यांनी कोठे लिहून ठेवलेला नाही. तो ग्रंथाच्या घडणीतच दिसतो.

त्यांच्या साक्षींमध्ये विद्वानांबरोबर स्त्रिया होत्या, वृद्धा होत्या, साधे गावकरी होते. बाइसा, महदाइसा, उमाइसा, आबाइसा यांच्या संबंधाच्या लीळा ज्या घरगुती बोलीत ग्रंथात आल्या आहेत, तीच बोली त्या काळच्या अंगणात व माजघरात चालत असली पाहिजे. म्हाइंभट संस्कृतज्ञ होते. त्यांना हा सारा मजकूर अलंकारिक भाषेत घोळवणे अवघड नव्हते. परंतु बोलणाऱ्याचे बोलणे बदलले तर साक्ष बदलते, हे त्यांनी जाणले होते. भटोबासांनीही पुढे केशवराजांसारख्या शिष्याला संस्कृत रचनेपासून परावृत्त केले, ते याच विचाराने की, सामान्य वृद्ध स्त्रिया त्यामुळे ज्ञानाला वंचित होतील.

श्रीगोविंदप्रभूंच्या देहावसानानंतर, शके १२१० च्या सुमारास, त्यांच्याही लीळा म्हाइंभटांनी त्याच रीतीने एकत्र केल्या. तो ग्रंथ ऋद्धिपूरचरित्र किंवा श्रीगोविंदप्रभुचरित्र या नावांनी प्रसिद्ध आहे. श्रीप्रभूंच्या लीळा अवधूत वृत्तीच्या, कित्येकदा लौकिक बुद्धीला अनाकलनीय. त्यांना अर्थाचे वळण देण्याचा, त्या शोभिवंत करण्याचा मोह म्हाइंभटांनी तेथेही टाळला.

आता आरंभी सांगितलेल्या आख्यायिकेकडे वळू. म्हाइंभटांच्या अभिमानाचे व त्यांच्या पराभवाचे वर्णन त्यांच्याच संग्रहाच्या ओघात आपल्यापर्यंत पोहोचले आहे. ज्याच्या हाती लेखणी होती त्याला आपल्या पूर्वायुष्यावर पडदा टाकणे सहज शक्य होते. तो त्यांनी टाकला नाही. इतिहासकाराने निःपक्षपाती असावे असे कल्हणापासून सर्वजण सांगतात. पण निःपक्षपाताची खरी परीक्षा शत्रूच्या बाबतीत होत नाही, ती स्वतःच्या बाबतीत होते. म्हाइंभट त्या परीक्षेला उतरले.

त्याच काळातील दुसरा इतिहास

म्हाइंभट लीळा वेचीत होते त्याच दशकांत देवगिरीला इतिहासलेखनाचा दुसरा एक प्रकार चालू होता. महादेवराय व रामदेवराय या यादव राजांचा मंत्री हेमाद्री याने चतुर्वर्गचिंतामणी हा विशाल धर्मशास्त्रग्रंथ रचला. त्यातील व्रतखंडाला जोडलेल्या प्रशस्तीत यादव राजवंशाची हकिगत संस्कृत श्लोकांत आली आहे. यादवांची वंशावळ जुळविताना आधुनिक अभ्यासकांना तिचा उपयोग झाला आहे, हे मान्य केले पाहिजे. पण तिचे प्रयोजन निराळे होते. राजवंशाचा गौरव हा तिचा हेतू, संस्कृत ही तिची भाषा आणि राजसभा हा तिचा श्रोता. तिच्यात राजे, लढाया व दाने आहेत. ज्या प्रजेच्या श्रमावर ते राज्य उभे होते ती प्रजा तिच्यात नाही.

लीळाचरित्रात मात्र ती प्रजा आहे. बाजारातील दाम व आसू ही नाणी, घरोघरी रांधले जाणारे पदार्थ, वस्त्रे, वाटा, घाट, देवळे, चोर, व्यापारी, जातीपातीचे निर्बंध आणि ते बाजूला सारणारी स्वामींची वृत्ती, हे सारे तेथे जागोजाग भेटते. कान्हरदेव व महादेवराय या यादव राजांचेही उल्लेख येतात, पण ते लीळेच्या निमित्ताने. यादवकालीन महाराष्ट्राच्या समाजजीवनाचा अभ्यास करू पाहणारा आजचा कोणताही अभ्यासक लीळाचरित्राला टाळून पुढे जाऊ शकत नाही. म्हाइंभटांना समाजाचा इतिहास लिहावयाचा नव्हता. एकेका लीळेचे स्थान, प्रसंग व शब्द जसेच्या तसे जतन करावयाचे, या एका निष्ठेमुळे तो आपोआप लिहिला गेला.

नष्ट झालेली प्रत आणि वासनाभेद

चौदाव्या शतकाच्या आरंभी देवगिरीवर उत्तरेकडील सैन्यांच्या स्वाऱ्या झाल्या. त्या धामधुमीत, ज्या प्रसंगाला परंपरा खालशाची धाड म्हणते, त्यात म्हाइंभटांची मूळ पोथी नष्ट झाली. ग्रंथकर्त्याच्या दृष्टीने याहून मोठा अनर्थ कोणता असणार! पण ग्रंथ स्मरणासाठी लिहिलेला होता, आणि तो शिष्यांच्या स्मरणात जिवंत होता. हिराइसा, परशरामबास आदींनी आपापल्या आठवणीतून लीळा पुन्हा सांगितल्या व त्या लिहिल्या गेल्या.

स्मरणातून ग्रंथ पुन्हा उभा करताना जे व्हावयाचे तेच झाले. एकीच्या आठवणीत एक शब्द, दुसऱ्याच्या आठवणीत दुसरा. एक म्हणे प्रसंग या स्थानी, दुसरा म्हणे त्या स्थानी. यावर दोन सोपे उपाय होते. कोणा एकाचा पाठ प्रमाण मानून बाकीचे बुडवावेत, किंवा सर्वांची मिसळ करून एक सुबक पाठ तयार करावा. आपल्या पूर्वाचार्यांनी दोन्ही उपाय नाकारले. त्यांनी भेद तसेच ठेवले आणि ते कोणाचे आहेत हे नावानिशी नोंदविले. हस्तलिखितांत अमुकाची वासना, तमुकाची वासना असे जे निर्देश येतात, आणि शोधु म्हणून जी टिपणे आढळतात, ती याच सचोटीची साक्ष होत. पाठभेद नोंदविण्याची जी पद्धत आज विद्यापीठांत आदर्श मानली जाते, ती या मार्गाने सहाशेहून अधिक वर्षांपूर्वी आचरली होती. म्हाइंभट सांगणाऱ्याचे नाव पाहत. त्यांच्यामागून आलेल्यांनी आठवणाऱ्याचे नाव लिहिले. रीत तीच.

प्रमाणांची पायरी लावण्याची दृष्टी तर पंथाच्या विचारातच आहे. सर्वज्ञांचे वचन ती श्रुती, भटोबासांचे वचन ती स्मृती, त्यांच्या शिष्यांचे आचरण तो वृद्धाचार, त्यानंतर मार्गरूढी आणि मग वर्तमान. मुळाच्या जवळचे प्रमाण बलवान आणि दूरचे त्या मानाने दुर्बल, हा क्रम इतिहासशास्त्रातील समकालीन व उत्तरकालीन साधनांच्या क्रमाशी जुळतो.

ब्रह्मविद्येच्या अभ्यासकाला तर याचे महत्त्व सांगावयास नकोच. केशिराजबासांनी लीळाचरित्रातून सर्वज्ञांची वचने निवडून सूत्रपाठ सिद्ध केला. सूत्र हे स्वभावतः अल्पाक्षर. ते कोणाला उद्देशून निरूपिले, कोणत्या प्रसंगी, कोणत्या प्रश्नाच्या उत्तरात, हे कळल्यावाचून त्याचा अर्थ निश्चित होत नाही. म्हणून भाष्यकारांनी प्रकरणवश हा स्वतंत्र ग्रंथप्रकारच निर्माण केला आणि प्रत्येक सूत्राचा प्रसंग लीळेतून दाखविला. एखाद्या वचनाचा अधिकारी कोण हे ठरविताना प्रसंग चुकला तर अर्थ चुकतो, आणि अर्थ चुकला तर आचार चुकतो. म्हणजे लीळेच्या पाठाचा प्रश्न हा केवळ पंडितांच्या करमणुकीचा नाही; भिक्षूच्या आचारधर्मापर्यंत त्याची मुळे जातात. स्थानपोथीत स्वामींच्या निवासस्थानांची जी बारकाईने नोंद झाली, तीही लीळांच्या पडताळणीस साहाय्यभूत आहे. कोणते देऊळ कोणत्या दिशेस, ओटा कोठे, वाट कोठून, हे तीत पाहून लीळेचे स्थान आजही शोधता येते.

लिपीचे कुलूप आणि आधुनिक वाद

पुढे पंथाने आपले ग्रंथ सकळ, सुंदरी इत्यादी सांकेतिक लिपींत लिहिले. त्यामुळे ग्रंथांचे पावित्र्य व पाठ सुरक्षित राहिले. त्याबरोबरच, बाहेरच्या जगाला आपल्या मार्गाविषयी अज्ञान राहिले आणि त्या अज्ञानातून गैरसमज वाढले, हेही खरे आहे. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात हे कुलूप उघडले. इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी सकळ लिपीचा उलगडा केला, आणि वि. ल. भावे यांनी महाराष्ट्र सारस्वतात या वाङ्मयाला स्थान दिले. ह. ना. नेने यांनी १९३६ पासून लीळाचरित्राचे भाग छापून प्रसिद्ध केले, शं. गो. तुळपुळे यांची आवृत्ती त्यानंतरची.

राजवाडे यांचे नाव येथे आणखी एका कारणासाठी घेतले पाहिजे. १८९८ पासून त्यांनी मराठ्यांच्या इतिहासाची साधने खंडशः प्रसिद्ध केली, ती संख्या पुढे बावीसवर गेली. घटनेच्या वेळचा अस्सल कागद हाच इतिहासाचा पाया, आणि मागाहून लिहिलेल्या बखरी कागदांशी ताडून पाहिल्यावाचून ग्राह्य धरू नयेत, असा त्यांचा आग्रह होता. या कसोटीने लीळाचरित्राकडे पाहणारा कोणी म्हणेल की, हेही मागाहून आठवणींतून लिहिलेले आहे, मग बखरीत व यात अंतर काय? अंतर असे की, बखरकार आपली साधने बहुधा झाकून ठेवतो आणि लीळाचरित्र साक्षीचे नाव उघड करते. आठवण दुर्बल असते हे म्हाइंभट व त्यांचे उत्तराधिकारी ओळखून होते, म्हणूनच त्यांनी ती एका तोंडून घेऊन समाधान मानले नाही.

दुसरा आक्षेप याच्या उलट बाजूने येतो. नाणी, वस्त्रे, राजांची नावे यांचा भाग इतिहास मानावा आणि अलौकिक लीळांचा भाग वगळावा, असे काही अभ्यासक सुचवितात. लौकिक इतिहासाच्या मर्यादेत त्यांना तसे करण्याचा अधिकार आहे. प्रत्येक शास्त्र आपल्या प्रमाणाने चालते. परंतु त्यांनी एक गोष्ट विसरू नये. ज्या मनुष्याने नाण्याचे नाव अचूक लिहिले त्यानेच लीळाही लिहिली, आणि एकाच निष्ठेने लिहिली. एकीकडे त्याला विश्वसनीय म्हणावयाचे आणि दुसरीकडे भाबडा ठरवावयाचे, हे न्यायाला धरून नाही. निदान एवढे तरी मानावे की, सर्वज्ञांच्या सन्निधानात असलेल्यांना जे अनुभवास आले ते त्यांनी प्रामाणिकपणे सांगितले व म्हाइंभटांनी प्रामाणिकपणे लिहिले.

तिसरा प्रश्न आपल्या घरातला आहे आणि तोच सर्वांत नाजूक. १९७८ साली महाराष्ट्र राज्य साहित्य संस्कृती मंडळाने डॉ. वि. भि. कोलते यांनी संपादित केलेले लीळाचरित्र प्रसिद्ध केले. त्यातील काही पाठ पंथीयांना अत्यंत क्लेशकारक वाटले, ते प्रक्षिप्त आहेत असे म्हटले गेले आणि त्यावरून दीर्घकाळ वाद चालला. उपास्याविषयी अनुचित वाटणारा मजकूर छापलेला पाहून भक्ताच्या मनाला वेदना होणे स्वाभाविक आहे. त्या वेदनेची थट्टा करणारा अभ्यासक आपल्या विषयाला पारखा आहे. त्याच वेळी पाठ खरा की खोटा याचा निर्णय वेदनेने होत नाही, तो पोथ्यांनी होतो. ज्या पाठाला जुन्या व स्वतंत्र परंपरेच्या पोथ्यांचा आधार नाही तो प्रक्षिप्त म्हणून दूर करावा, आणि का दूर केला हे लिहून ठेवावे. ज्याला आधार आहे त्याचा अर्थ प्रकरण पाहून लावावा. आणि जेथे निर्णय होत नाही तेथे पूर्वाचार्यांप्रमाणे दोन्ही वासना नावानिशी पुढे ठेवाव्यात. ही रीत कोणा परक्या विद्यापीठातून आणलेली नाही. ती वाजेश्वरीत भटोबासांच्या समोर बसून लिहिणाऱ्या म्हाइंभटांची आहे.

उपसंहार

म्हाइंभटांच्या चरित्रावरून इतिहासकारांच्या वादाला काय उत्तर मिळते? रांके म्हणतो तसे, जे घडले तेच लिहावे, हे म्हाइंभटांनी पाळले. कार म्हणतात तसे, प्रत्येक लेखनामागे एक प्रयोजन असते, हेही त्यांच्या बाबतीत खरे आहे. त्यांचे प्रयोजन स्मरण हे होते आणि ते त्यांनी लपविले नाही. प्रयोजन असले की सत्य झाकोळते, अशी जी भीती इतिहासकारांना वाटते, ती तेथेच खरी ठरते जेथे प्रयोजन लेखकाच्या स्वार्थाचे असते. राजाची कृपा, जातीचा मोठेपणा, स्वतःची कीर्ती ही प्रयोजने सत्याला वाकवितात. ज्याला आपल्या लेखनातून स्वतःसाठी काही मिळवावयाचे उरलेले नाही, त्याचे प्रयोजनच त्याला सत्याला बांधून ठेवते. म्हणून इतिहासकाराची पहिली तयारी ग्रंथालयात होत नाही, ती अभिमानाच्या त्यागात होते. म्हाइंभटांची ती तयारी डोमेग्रामी सुरू झाली आणि ऋद्धिपुरी पूर्ण झाली.

मठामठांतून आणि वासनिकांच्या देव्हाऱ्यांतून आजही अनेक पोथ्या कापडात बांधलेल्या आहेत. त्यांना वाळवी लागते, पावसाचे पाणी लागते, आणि सांकेतिक लिपी वाचू शकणारी वृद्ध मंडळी दरवर्षी कमी होत जाते. खालशाच्या धाडीत एक पोथी गेली तेव्हा ती स्मरणातून उभी करणारी हिराइसा होती; आज पोथी गेली तर तिला आठवणारे कोणी नाही. ज्यांच्या घरी पोथी आहे त्यांनी ती जाणत्या महंतांना दाखवावी, तिची प्रत करू द्यावी, तिच्यावरील लेखकाचे नाव, शक व गुरुपरंपरा टिपून ठेवावी. ज्या तरुण भिक्षूंना व तपस्विनींना शक्य आहे त्यांनी सकळ लिपी वृद्धांकडून शिकून घ्यावी. म्हाइंभट लीळेसाठी गावोगाव पायी फिरले. आपल्याला तर आपल्याच देव्हाऱ्यापर्यंत जावयाचे आहे. एवढे आपल्याकडून घडले, तर त्या महान लीळासंग्राहकाच्या ऋणातून अंशतः तरी उतराई झाल्यासारखे होईल.

दंडवत प्रणाम.